‘आज काय करायचं?’ या प्रश्नाची किंमत

मील किटच्या खोक्यात लसणाच्या दोन पाकळ्या येतात. गड्डा नाही, दोनच पाकळ्या. सोया सॉसची बोटभर पुडी येते, मधाची तेवढीच पुडी, एक लिंबू, चार गाजरं, मोजून दिलेले तांदूळ, बर्फाच्या पिशव्यांमध्ये ठेवलेलं चिकन आणि एक गुळगुळीत कार्ड. कार्डावर सहा फोटो आणि सहा पायऱ्या. घरातलं लागतं ते फक्त तेल, मीठ, मिरपूड आणि तुम्ही.

जर्सी सिटीतल्या आमच्या दाराशी असं खोकं बावीस आठवडे आलं. कंपनीचं नाव महत्त्वाचं नाही, कारण रंग सोडले तर सगळ्यांची खोकी सारखीच असतात. एखाद्या पुस्तकाबद्दल लिहावं तसं मला या खोक्याबद्दल लिहायचंय. ते काय विकतो म्हणतं, खरं काय विकतं, आणि ती किंमत देण्यासारखी आहे का?

आधी पैशांचं बोलू

आमचं सबस्क्रिप्शन सगळ्यात छोटं होतं: दोन माणसं, आठवड्याला तीन जेवणं. एका ताटाला ११ डॉलर, म्हणजे सहा ताटांचे ६६. वर डिलिव्हरीचे ११. आठवड्याला ७७ डॉलर, एका ताटाला जवळजवळ १३. असंच वर्षभर चालू ठेवलं तर चार हजार डॉलर होतात, आणि तेवढ्यात आठवड्यातल्या २१ जेवणांपैकी तीनच भागतात.

हे महाग आहे, असं म्हणून लेख इथेच संपवता आला असता. पण मी एक उद्योग करून पाहिला. सोया-मधातल्या चिकनचं एक कार्ड घेतलं आणि त्यातलं सगळं सामान दुकानातून आणलं. बिल झालं २९ डॉलर. खोक्यातलं तेच जेवण दोघांना मिळून पावणेसव्वीसला पडत होतं. म्हणजे खोकं चक्क स्वस्त! कारण उघड आहे. दुकानात दोन पाकळ्या लसूण मिळत नाही आणि बोटभर सोया सॉस मिळत नाही. बाटली घ्यावी लागते, मधाचीही आणि तिळाच्या तेलाचीही.

तीन आठवड्यांनी तेच जेवण पुन्हा केलं. या वेळी चिकन, गाजरं, पातीचा कांदा आणि लिंबू एवढंच आणायचं होतं. खर्च झाला दहा डॉलर.

मील किटच्या पैशांचा सगळा हिशेब या दोन बिलांच्या मध्ये आहे. ज्याच्या घरात मिसळणाचा डबा भरलेला आहे, फडताळात डाळी-तांदूळ आहेत, त्याला खोकं अडीचपट महाग पडतं. ज्याच्या ओट्यावर फक्त इलेक्ट्रिक किटली आहे, त्याला ते जवळजवळ बरोबरीत पडतं. परीक्षणं लिहिणारे बहुतेक जण यातलं एकच बिल दाखवतात. कोणतं, ते परीक्षणाखाली डिस्काउंट कोड आहे की नाही यावरून ओळखावं.

आणखी एक आकडा शेजारी ठेवते. अमेरिकेच्या कृषी खात्याची ‘थ्रिफ्टी फूड प्लॅन’ नावाची एक योजना आहे. काटकसरीने पण पोषक जेवायला किती पैसे लागतात, याचा तो सरकारी अंदाज. गरिबांना मिळणारी अन्नाची मदत त्यावरून ठरते. २०२१ मध्ये दोन मोठी माणसं आणि दोन मुलं अशा कुटुंबासाठी तो महिन्याला ८३५.५७ डॉलर होता. भागाकार केला तर एका माणसाच्या एका जेवणाला साधारण २.३० डॉलर. भाव तेव्हापासून वाढलेत, तरी तेरा डॉलरच्या आसपास नक्कीच नाहीत. पण या आकड्यात एक गोष्ट गृहीत आहे: घरात कुणीतरी आहे, जे रोज ठरवतं, आणतं, शिजवतं. त्या माणसाच्या वेळेची किंमत सरकारने शून्य धरली आहे.

मधले दहा-साडेदहा डॉलर नेमके कशाचे, हे शोधायला लागलं की मील किट ही गोष्ट मजेशीर व्हायला लागते.

दहा डॉलर जातात कुठे

ही कल्पना मूळची अमेरिकेची नाही. स्वीडनमध्ये २००७ साली ‘मिडाग्सफ्रिड’ नावाच्या कंपनीने आठवड्याचं सामान आणि पाककृती घरपोच द्यायला सुरुवात केली. २०११ मध्ये बर्लिनमध्ये ‘हॅलोफ्रेश’ निघाली आणि २०१२ मध्ये न्यूयॉर्कमध्ये ‘ब्लू एप्रन’. ब्लू एप्रनचा दोन माणसांचा खोका तेव्हा ५९.९४ डॉलरला यायचा, ताटाला ९.९९. कंपनी २०१७ च्या जूनमध्ये शेअर बाजारात गेली, नेमकी ॲमेझॉनने ‘होल फूड्स’ विकत घेत असल्याचं जाहीर केल्यावर दोन आठवड्यांत. सुरुवातीला १५ ते १७ डॉलरला विकायचा ठरवलेला शेअर १० डॉलरला विकावा लागला.

बाजारात जाताना कंपनीला आपले हिशेब उघड करावे लागले. २०१६ साली तिचं उत्पन्न होतं सुमारे ७९.५ कोटी डॉलर आणि त्यातले सुमारे १४.४ कोटी गेले होते मार्केटिंगवर. म्हणजे दहा डॉलरच्या ताटातले १.८० डॉलर पुढचं गिऱ्हाईक शोधायला. तरीही त्या वर्षी तोटाच होता. पॉडकास्टच्या मधोमध ऐकू येणारी ती लाडिक जाहिरात आणि ‘पहिल्या खोक्यावर निम्मी सूट’ हे सगळं कोण भरतं? जो सूट संपल्यावरही थांबतो तो. जुनं गिऱ्हाईक नव्याला जेवू घालतं.

पण जुनं गिऱ्हाईक फार दिवस थांबत नाही, हीच या धंद्याची दुखरी नस. ‘प्लेटेड’ ही कंपनी अल्बर्टसन्स या दुकानसाखळीने २०१७ मध्ये वीस कोटी डॉलरला घेतली आणि दोन वर्षांत तिचं सबस्क्रिप्शन बंद केलं. एके काळी दोन अब्ज डॉलरची मानली गेलेली ब्लू एप्रन २०२३ मध्ये १०.३ कोटीला विकली गेली. हॅलोफ्रेश टिकली. मात्र कॅलिफोर्नियातल्या सरकारी वकिलांनी आपोआप होणाऱ्या नूतनीकरणाबद्दल केलेल्या दाव्यात २०२५ साली तिला ७५ लाख डॉलर भरून तडजोड करावी लागली. भारतात रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ऑक्टोबर २०२१ पासून कार्डावरून असे आपोआप पैसे कापण्याआधी किमान २४ तास ग्राहकाला कळवावं लागतं. ही साधी सूचना किती मोलाची आहे, ते तिच्याशिवाय राहिल्यावर कळतं. आमच्या खोक्यात पुढचा आठवडा नको असेल तर पाच दिवस आधी ॲपमध्ये जाऊन ‘स्किप’ करावं लागे. विसरलात की खोकं दारात.

एका बाबतीत मात्र खोक्यावर होणारी नेहमीची टीका मला पटत नाही. प्लास्टिक बघून सगळ्यांना वाटतं की हे पर्यावरणाचं वाटोळं आहे. मिशिगन विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१९ मध्ये पाच जेवणं घेऊन किट आणि दुकानातलं सामान यांची तुलना केली. किटच्या जेवणामागे सरासरी ६.१ किलो कार्बन डायऑक्साइडइतकं उत्सर्जन निघालं, दुकानातल्या सामानाच्या जेवणामागे ८.१ किलो. पुड्यांचं प्लास्टिक जास्त होतं, पण फुकट जाणारं अन्न कमी. दोन पाकळ्यांवर हसण्याआधी फ्रीजच्या तळाशी काळी पडलेली कोथिंबिरीची जुडी आठवून पाहावी.

कार्ड वाचताना

आता त्या कार्डाकडे येते, कारण खोक्यातला ‘मजकूर’ तोच आहे.

कार्ड सुंदर असतं. कांदा किती बारीक, गाजर किती लालसर, सगळं फोटोत दिसतं. ‘अंदाजाने मीठ’ नाही, ‘पाव चमचा’. परदेशात पहिल्यांदा एकट्या राहणाऱ्या कुणाही मराठी मुलाला आईशी फोनवर झालेला संवाद आठवेल: किती घालू? घाल थोडं. थोडं म्हणजे? अगं, बेताने! त्या ‘बेताने’ला कंटाळलेल्या माणसाला कार्ड म्हणजे देवदूत वाटतो. आपल्याकडे हे काम कमलाबाई ओगल्यांच्या ‘रुचिरा’ने १९७० सालीच केलं होतं. वाटी आणि चमचा ही मापं त्यांनी पक्की केली आणि ज्यांच्या शेजारी उभं राहून शिकवायला कुणी नव्हतं अशा कितीतरी जणी त्यावर स्वयंपाक शिकल्या.

फरक असा की ‘रुचिरा’ वाचून तुम्ही वाण्याकडे जाऊ शकता. आमच्या कार्डावर मात्र तिसऱ्या पायरीला लिहिलेलं असे: ‘मसाल्याची अर्धी पुडी घाला.’ त्या पुडीत काय आहे, ते कार्ड सांगत नाही. म्हणजे कार्ड तुम्हाला पदार्थ शिकवतं, पण खोक्याशिवाय तो करता येऊ नये एवढी काळजी घेऊन. वेळेचंही तसंच. कार्डावर तीस मिनिटं लिहिलेली असत आणि आम्हाला पन्नास लागत. कार्डाच्या जगात गाजरं आधीच धुतलेली असतात आणि भांडी कुणी घासत नाही.

पण माझा खरा आक्षेप याहून मोठा आहे. कार्डाला काल नाही आणि उद्याही नाही. प्रत्येक जेवण शून्यापासून सुरू होतं आणि शून्यावर संपतं. मी ज्या स्वयंपाकघरात वाढले तिथे एकही जेवण असं एकटं नसायचं. रात्रीचा भात सकाळी फोडणीचा व्हायचा. वरण उरलं की दुसऱ्या दिवशी वरणफळं. शिळ्या पोळीचा कुस्करा, कोबीची भाजी थालिपिठात, दही आंबट व्हायला लागलं की कढी. उद्या कढी करायची म्हणून आज दही जास्त लावलेलं असायचं. स्वयंपाक येणं म्हणजे खरं तर हेच येणं. एक पदार्थ करता येणं हा त्याचा सोपा भाग, जेवणांची साखळी चालवता येणं हा अवघड. साठ-पासष्ट कार्डं करूनही ती साखळी येत नाही, कारण खोक्यात उरतच नाही काही.

इथे थांबले असते तर हा ‘आईच्या हातची चव’ छापाचा लेख झाला असता. पण ती साखळी कुणाच्या डोक्यात होती, हेही सांगायला हवं.

हात आणि डोकं

माझं बालपण डोंबिवलीचं. आई नोकरीला मुंबईत. संध्याकाळच्या लोकलमध्ये बायका मांडीवर पिशवी घेऊन मटार सोलायच्या, मेथी निवडायच्या, हे मी पाहिलंय. स्टेशनाबाहेर निवडलेल्या, चिरलेल्या भाजीच्या पिशव्या विकायला असायच्या. गल्लीत पोळीभाजी केंद्र. दमलेल्या दिवशी आई दहा पोळ्या तिथून आणायची. त्याच्याही आधी, गिरणगावात, एकट्या राहणाऱ्या कामगारांना महिन्याच्या पैशांवर जेवू घालणाऱ्या खानावळवाल्या होत्या. त्यांनाच एकत्र करून प्रेमाताई पुरवांनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं. म्हणजे जेवणाचं सबस्क्रिप्शन आपल्याला नवं नाही. नवं आहे ते फक्त ॲप.

पण आपल्याकडे घराबाहेर काय विकत मिळायचं, ते नीट पाहा. निवडणं, चिरणं, लाटणं. म्हणजे हातांचं काम. बाकी सगळं, उद्या कुठली भाजी, घरात कांदे आहेत का, पाहुणे आले तर काय, कुणाला वांगं चालत नाही, हे आईच्या डोक्यात राहायचं. पोळ्या विकत मिळायच्या, पण ‘आज पोळ्या विकत आणू’ हा निर्णय तिलाच घ्यावा लागायचा.

मील किट नेमकं उलटं करतं. कांदा तुम्हीच चिरा, गाजरं तुम्हीच सोला, भांडी तुम्हीच घासा. ते तुमच्याकडून घेतं ते डोक्याचं काम: ठरवणं, मोजणं, यादी करणं, आणणं. मधल्या दहा डॉलरचा मोठा भाग याचाच आहे. हात स्वस्त असलेल्या शहरात हातांचं काम विकत मिळतं. इथे, जिथे हात महाग आहेत, तिथे ठरवण्याचं काम विकायला निघालं. आणि आता गिऱ्हाइकांना कांदाही चिरायचा नाहीये, हे कंपन्यांनी ओळखलंय. हॅलोफ्रेशने २०२० मध्ये ‘फॅक्टर’ ही फक्त गरम करून खायची जेवणं विकणारी कंपनी घेतली, आणि पुढची काही वर्षं वाढ तिथेच झाली.

रूथ श्वार्ट्झ कोवन या इतिहासकार बाईंनी १९८३ मध्ये ‘मोअर वर्क फॉर मदर’ या पुस्तकात दाखवलं होतं की घरात आलेल्या यंत्रांनी बायकांचं काम फारसं कमी केलंच नाही. लोखंडी चूल आली तेव्हा लाकडं कमी लागली, म्हणजे ती फोडणाऱ्या पुरुषाचं काम हलकं झालं. स्वयंपाक मात्र वाढला, कारण आता एकाऐवजी तीन पदार्थ एकदम करता येत होते. त्या यादीत मील किट वेगळं दिसतं. ठरवणाऱ्या माणसाचं काम कमी करायला निघालेली मला दिसलेली ही पहिलीच वस्तू.

कर्ता नसलेलं वाक्य

‘आज काय करायचं?’ हे मराठीतलं मोठं बिलंदर वाक्य आहे. त्यात कर्ताच नाही. मी करायचं, तू करायचंस की आपण करायचं, काहीच म्हटलेलं नाही. तरी घरातल्या प्रत्येकाला माहीत असतं की हे कुणाला विचारलंय.

माझा नवरा स्वयंपाक करतो, आणि चांगला करतो. लग्नाआधीपासून करतो. कुणाला सांगितलं तर ‘भाग्यवान आहेस’ असं ऐकावं लागतं. पण तो ऑफिसातून निघताना मेसेज करायचा: ‘आज काय करायचं?’ मी उत्तर द्यायचे: ‘पालक आहे, डाळ भिजवलीये.’ तो येऊन डाळ-पालक करायचा. शिजवलं त्याने, पण डाळ भिजवायची आठवण कुणाची होती? भारताच्या २०१९ च्या वेळ-वापर सर्वेक्षणात घरच्या बिनपगारी कामात भाग घेणाऱ्या बायकांची दिवसाला सरासरी २९९ मिनिटं निघाली आणि पुरुषांची ९७. त्यातली कढई ढवळण्याची मिनिटं मोजता येतात. मीटिंगमध्ये बसून ‘दूध संपलंय’ हे आठवण्याची मिनिटं कुठल्या रकान्यात टाकणार?

खोक्याचे दिवस सोमवार, बुधवार, शुक्रवार. त्या दिवशी मेसेज यायचा नाही. तो घरी यायचा, कार्ड काढायचा आणि सुरू करायचा. आठवड्यातल्या तीन दिवशी ते वाक्य आमच्या घरातून गायब झालं. मला त्याचं नवल वाटलं, कारण आपण त्या वाक्याने इतके दमलो होतो हे ते थांबल्यावरच जाणवलं.

पण ॲपमध्ये पुढच्या आठवड्याचे तीन पदार्थ निवडायचे कुणी? स्किप कुणी करायचं? चौथ्या आठवड्यापर्यंत ते माझ्या फोनवर आलं होतं. खोक्याने ठरवण्याचं काम रोजचं होतं ते आठवड्याचं केलं, पण ते करणारं माणूस बदललं नाही. एकदा मी मुद्दाम काहीच निवडलं नाही. तेव्हा कंपनीने स्वतःच तीन पदार्थ पाठवले, आणि ते ठीक होते. त्या आठवड्यात मात्र आमच्या घरी खरोखर कुणीच काही ठरवलं नाही.

बाविसाव्या खोक्यानंतर मी सबस्क्रिप्शन बंद केलं. कारण पैसे. त्यानंतरच्या सोमवारी सहा वाजता मेसेज आला: ‘आज काय करायचं?’

मी लिहिलं: ‘तू सांग.’

त्यावर बरंच बोलणं झालं, ते इथे देत नाही. ठरलं असं की सोमवार-बुधवार-शुक्रवार त्याचे. शिजवणं नव्हे, दिवस. म्हणजे ठरवणं, फ्रीज उघडून बघणं, यादी, दुकान, सगळं. आणि त्या दिवशी मी फ्रीजकडे बघून सूचना करायची नाही. हा दुसरा भाग मला वाटला होता त्यापेक्षा खूप अवघड गेला. पहिले दोन आठवडे आम्ही अंडाभुर्जी, पुलाव आणि पुन्हा अंडाभुर्जी खाल्ली. एकदा घरात दोन किलो कांदे असताना तो आणखी दोन किलो घेऊन आला. तिसऱ्या महिन्यात एका गुरुवारी रात्री त्याने न सांगता छोले भिजत घातले. शुक्रवार त्याचा होता.

मग घ्यायचं का?

स्पष्ट सांगते.

स्वयंपाकघर रिकामं असेल, नव्या शहरात नुकतेच आला असाल आणि हातात सुरी धरायची भीती वाटत असेल, तर सवलतीचे पहिले पाच-सहा खोके जरूर घ्या. ते क्लासची फी समजा. कार्डं जपून ठेवा, आणि खोकं बंद करायची तारीख पहिल्याच दिवशी फोनच्या कॅलेंडरमध्ये टाका. घरात बाळंतपण असेल, आजारपण असेल आणि मदतीला कुणी येण्यासारखं नसेल, तरी घ्या. तेव्हा तेरा डॉलर जास्त नाहीत.

डबे भरलेले असतील आणि साखळी चालवता येत असेल, तर घेऊ नका. तुम्ही दहा डॉलरच्या जेवणाला पावणेसव्वीस द्याल, आणि फोडणीच्या भाताला मुकाल ते वेगळंच.

आणि घरातल्या एकाच माणसाचं डोकं रोज संध्याकाळी शिणतं म्हणून घ्यायचा विचार असेल, तर आधी वाटणी करून बघा. खोकं तो थकवा तीन दिवस झाकेल आणि बंद झालं की सहा वाजता परत आणून देईल. मात्र वाटणीची गोष्ट काढली की समोरून ‘त्यात काय एवढं काम आहे?’ असं आलंच, तर खोक्याचं बिल दाखवा. जे काम घरात शून्य किमतीचं मानलं जातं, त्याला बाहेरचा बाजार ताटाला किती लावतो, ते त्यावर छापलेलं असतं.

सुरुवातीची सवलत धरून आमचे बावीस खोक्यांचे साधारण पंधराशे डॉलर झाले. सहासष्ट कार्डांपैकी सहा पदार्थ आम्ही अजून करतो, म्हणजे एका पाककृतीला अडीचशे डॉलर पडले. सोया-मधाचं चिकन त्यात आहे. आता त्यात लसूण आठ पाकळ्या पडतो.